तिसरा रांजण

"पुसू नकोस म्हणताहेत त्या," ऋजुता तिसऱ्यांदा म्हणाली.

वैजयंतीने मान डोलावली आणि कोबीचं पुढचं पान उचलून पंचाने टिपायला घेतलं. आधी एक बाजू, मग दुसरी, मग देठापाशी पाणी साठतं तिथे पंचाचं टोक खुपसून. आमच्या घरी लोणच्याची कैरी अशीच पुसतात.

"लोणचंच ना हे?" ती म्हणाली. "पाण्याचा थेंब राहिला तर चार दिवसांत बुरशी धरेल. सांग त्यांना."

ऋजुताने सांगितलं. बेकबाई खुदकन हसल्या आणि बराच वेळ काहीतरी बोलल्या.

"त्या म्हणतात, ह्याला पाणी सुटायलाच हवं. पण तुझं मन मोडत नाहीत. तुझा अर्धा गड्डा तू पूस, त्यांचा अर्धा त्या ओला ठेवतील. कुणाचा टिकतो बघू."

"बघू की," वैजयंती म्हणाली आणि पुढचं पान उचललं.

ह्याला आता बारा वर्षं झाली. आमची मुलगी ऋजुता तेव्हा कोरियात सुवॉनला नोकरी करत होती आणि नोव्हेंबरात आम्ही दोघं तीन आठवड्यांसाठी तिच्याकडे गेलो होतो. तिथून दोन दिवस तिने आम्हांला चॉन्जूला नेलं. जुन्या कौलारू घरांचं गाव आहे ते. त्यातल्या एका घरात ह्या बेकबाई पाहुण्यांना किमची घालायला शिकवत. त्यांचं पूर्ण नाव माझ्या जिभेवर शेवटपर्यंत बसलं नाही. पंचाहत्तरीच्या होत्या, पण मांडी घालून तीन तास बसल्या तरी कुठे टेकल्या नाहीत.

सकाळचे दहा वाजून गेले तरी धुकं अंगणातून हललं नव्हतं. पडवीच्या आढ्याला केशरी फळं सोलून दोरीत ओवून वाळत टांगली होती, आणि ती धुक्यात अधांतरी दिसत होती. घराची जमीन खालून तापवलेली. त्या उबेवर बसलं की डोळे आपोआप मिटायला लागत. बाहेर कुठल्याशा झाडाची पिवळी पानं एकेक करून पडत होती, आणि प्रत्येक पान खाली पोचायला खूप वेळ घेत होतं. आपण अलिबागहून विमानाने आलो आहोत, हे मला स्वतःला पटवून द्यावं लागत होतं.

मी मोजणी खात्यात चौतीस वर्षं काढली. माप कळल्याशिवाय मला चैन पडत नाही. म्हणून वही काढून विचारलं, "एका गड्ड्याला मीठ किती ग्रॅम?"

बेकबाईंनी मूठ वळून दाखवली.

"तिखट?"

त्यांनी तीच मूठ जरा सैल केली. मी वहीत तसंच लिहिलं. वैजयंती पदराआड हसली. बऱ्याच महिन्यांनी मी तिला तसं हसताना पाहिलं.

आम्ही किमची शिकायला आलो होतो, हे अर्धंच खरं. खरी गोष्ट अशी की ऋजुताला आईची परीक्षा घ्यायची होती.

गेलं वर्षभर वैजयंतीचं काहीतरी बिनसलं होतं. दूध शेगडीवर करपून काळं व्हायचं आणि ही शेजारी उभी राहून शेंगा सोलत असायची. आमटी एक दिवस अळणी, दुसऱ्या दिवशी तोंडात घालवत नाही इतकी खारट. गौरीजेवणाला पुरण बुडाला लागलं. करपट वास ओटीवर बसलेल्या माणसांपर्यंत आला, पण ती तशीच ढवळत राहिली. त्या दिवशी अठरा माणसांच्या पंक्तीत मी पोळी बाजूला सारून म्हणालो, "लक्ष कुठे असतं तुझं हल्ली?" पुढच्या सणाला माझ्या वहिनींनी येऊन स्वयंपाक हातात घेतला आणि वैजयंती दिवसभर पानं मांडत राहिली.

वैजयंतीच्या आईला शेवटची काही वर्षं कुणीच ओळखू येत नव्हतं. ऋजुताने ते लहानपणी पाहिलं होतं. फोनवर मी दुधाचं, पुरणाचं सांगत गेलो आणि तिने दोन्हींची सांगड घातली. येत्या गुरुवारी सुवॉनच्या एका हॉस्पिटलात तिने आईसाठी वेळ घेऊन ठेवली होती. आईला मात्र सांगितलं की बाबांचा गुडघा दाखवायचाय. त्याआधी तिला स्वतःच्या डोळ्यांनी बघायचं होतं. नवीन काम, पाच-सहा पायऱ्या, एकापुढे एक. आई क्रम विसरते का, सांगितलेलं डोक्यात राहतं का. मी ह्या सगळ्याला हो म्हटलं होतं. त्या उबदार जमिनीवर मी बायकोकडे बघत होतो, म्हणजे खरं तर चोरून पहारा करत होतो. ते मला अजिबात आवडत नव्हतं, पण मी उठलोही नाही.

किमची आमच्यासाठी मठातल्या पद्धतीची चालली होती. तिथले भिक्षू मासे खात नाहीत, कांदा-लसूणही खात नाहीत. ऋजुताने आधीच तसं कळवलं होतं. तांदळाच्या पिठाची पातळ पेज, त्यात लाल तिखट, आलं, किसलेलं पेअर, मुळ्याच्या काड्या, आणि मिठाच्या जोडीला सोयाबीनचा काळा रस. बेकबाईंनी ते हाताने कालवलं, कोबीच्या गाभ्याचं एक कोवळं पान तोडलं, त्यात मसाला भरून गुंडाळी केली आणि थेट वैजयंतीच्या तोंडाशी नेली.

वैजयंती मागे सरकली.

"नको नको. ऋजू, सांग गं, नैवेद्य व्हायचाय."

तिच्या पर्समध्ये पितळेची डबी असते. डबीत करंगळीएवढी अन्नपूर्णा, माहेरून आलेली. जिथे जाऊ तिथे ही डबी उघडून आधी तिच्यापुढे ठेवल्याशिवाय वैजयंती खात नाही. विमानातल्या ब्रेडलाही तिने नैवेद्य दाखवला होता. आणि नैवेद्याआधी चाखायचं नाही, ही माझ्या आईची शिस्त होती. वैजयंती लग्न होऊन आली तेव्हा आईने तिला वासावरून मीठ ओळखायला शिकवलं. वरणाला उकळी आली की ती झाकण जरासं सरकवून वाफ घ्यायची आणि चिमूट टाकायची की नाही ते ठरवायची. मिठाला कसला आलाय वास, म्हणून मी पुष्कळ चेष्टा केली. पण जेवायला बसलो की माझीच जिरायची. तीस वर्षांत मीठ चुकलं नव्हतं. गावातल्या बायका पापडाचं पीठ तिच्या नाकाखाली आणून धरत.

ऋजुताने ते सगळं जमेल तसं सांगितलं. बेकबाईंनी ती गुंडाळी स्वतःच्या तोंडात टाकली, चावली आणि भुवया उंचावून बोलल्या.

"काय म्हणताहेत?"

"म्हणताहेत, आपण खाऊन पाहिलेलं नाही ते पाहुण्याच्या पानात वाढायचं? देव रागावत नाही का?"

वैजयंतीने ती डबी आधीच उघडून समोर ठेवली होती. तिने डबीकडे पाहिलं.

मग बेकबाईंनी वाडगा तिरपा करून तळ दाखवला. काळा रस कमी पडत होता. त्यांनी अंगणाकडे हात केला. तिथे दगडी चौथऱ्यावर सहा तपकिरी रांजण ओळीने ठेवले होते, प्रत्येकावर झाकण.

"मी आणते," वैजयंती उठली.

ऋजुताने माझ्याकडे पाहिलं. मला तिची नजर कळली. ती पडवीच्या कडेला उभी राहून अगदी सावकाश, शब्द सुटे करून म्हणाली, "आई, डावीकडून तिसरा रांजण. वाडगाभर काळा रस. डावीकडून तिसरा."

"कळलं गं. बहिरी नाही मी."

ती धुक्यात गेली. चौथऱ्यामागे तिची हिरवी शाल दिसली, वाकली, सरळ झाली. मग ती दोन्ही हातांत वाडगा धरून हळूहळू परत येऊ लागली. सांडू नये म्हणून तिने नजर वाडग्यावरच ठेवली होती.

तिच्या आधी वास पोचला. सडलेल्या मासळीचा, मिठात वर्षानुवर्षं मुरलेला वास. ऋजुताने ओढणी नाकाला लावली. बेकबाई तोंडावर हात धरून काहीतरी पुटपुटल्या.

वैजयंती पायरी चढली, वाडगा आमच्या मधोमध ठेवला आणि त्यात वाकून बघत म्हणाली, "रंग बघा किती सुरेख आहे. आपल्या काकवीसारखा."

अलिबागला भाजी आणायला जाताना मासळी बाजार लागू नये म्हणून ही बाई अख्खा वळसा घालून जायची. शेजारी सुकट भाजली तर आमच्या खिडक्या बंद व्हायच्या.

"बाबा," ऋजुता माझ्या कानाशी म्हणाली. तिचे डोळे भरले होते. "मी दोनदा सांगितलं. तिसरा म्हणून दोनदा सांगितलं. एवढंसुद्धा..."

मी उठलो. वाडगा उचलला, श्वास रोखला आणि अंगणात उतरलो.

चौथऱ्याला पायऱ्या होत्या त्या पलीकडच्या बाजूने. मी वळसा घालून तिथे गेलो, वर चढलो आणि रांजणांपुढे उभा राहिलो, तेव्हा माझं तोंड घराकडे होतं. पडवीत ऋजुताचा जो डावा, तो आता माझा उजवा होता. माझ्या डावीकडून मी मोजले. एक, दोन, तीन. तिसऱ्याच्या झाकणाला ओली बोटं लागलेली होती. झाकण उचललं, आणि पुन्हा घाईने ठेवलं.

म्हणजे तिने तिसराच उघडला होता. ऋजुताने सांगितलेला शब्द न् शब्द तिच्या डोक्यात होता. मोजायला सुरुवात कुठून करायची, हे मात्र सांगणाऱ्याने सांगितलं नव्हतं. मोजणी खात्यात अशा चुकीने माणसांची शेतं इकडची तिकडे जातात. चूक मोजणाऱ्याची नव्हती. आणि तरीही, हे झाकण उघडल्यावर कुणीही माणूस तिथल्या तिथे मागे फिरला असता.

मला दूध आठवलं. पुरण आठवलं. त्या वर्षी देवघरात उदबत्ती विझलेली असायची आणि तिला पत्ता नसायचा.

"काय झालं? चुकीचं आणलं का मी?"

ती माझ्या मागोमाग आली होती. धुक्यात तिची शाल ओलसर झाली होती. मी तिसऱ्या रांजणाचं झाकण पूर्ण काढून खाली ठेवलं. ती माझ्या शेजारी, त्या रांजणाच्या तोंडाशी, शांतपणे उभी होती.

"वैजू, कसला वास येतोय?"

तिने माझ्या तोंडाकडे पाहिलं. बराच वेळ पाहिलं.

"कसला येतोय?" तिने मलाच विचारलं.

मी झाकण लावलं. चौथऱ्याच्या कडेवर आम्ही दोघं बसलो. दगड गार होता.

"कधीपासून?"

"गौरींच्या आधी तो ताप नाही का आला, सर्दी पंधरा दिवस हटली नव्हती. ती गेली ती वास घेऊनच गेली."

"आणि वर्षभर सांगितलं नाहीस? नाकाचं तर दुखणं. त्यात लपवायचं काय?"

ती शालीचं टोक बोटाला गुंडाळत राहिली.

"आईचं असंच सुरू झालं होतं," ती म्हणाली. "एकदा म्हणाली, ह्या वर्षी अनंताच्या फुलांना वासच नाही. आम्ही सगळे हसलो. दोन वर्षांनी मी माहेरी गेले, तर दारात उभी राहून मला विचारते, तुम्ही कोण? म्हातारपणी असं होतं म्हणून सगळ्यांनी सोडून दिलं. मला तो अनंत विसरता येत नाही."

मी रांजणाच्या झाकणाकडे बघत बसलो.

"गुरुवारचा डॉक्टर तुमच्या गुडघ्याचा नाही, मला माहीत आहे. आल्यापासून एकदा तरी गुडघा दुखतो म्हणालात? ऋजू माझ्याकडे कशी बघते ते मला दिसतं. तिचा दोष नाही. मीपण आईकडे तशीच बघायचे." "मला नाही जायचं त्या डॉक्टरकडे. तो हो म्हणाला तर मी काय करू?"

"जिभेला कळतं?"

"जिभेला कळतं की. खारट, तिखट, गोड. पण त्याला चाखावं लागतं. आणि चाखायचं कसं?"

"मग मीठ कमी-जास्त झालेलं तुला कधी कळायचं?"

"तुमच्या कपाळाला आठी पडली की," ती म्हणाली.

मला स्वतःची लाज वाटली. आजही ते वाक्य आठवलं की वाटते. वर्षभर रोज दोन वेळा ही बाई वाढून झाल्यावर माझ्या कपाळाकडे बघत उभी राहत होती, आणि मी आठ्या घालत होतो.

सांत्वन मला जमत नाही. मोजता येतं. म्हणून मी तिला उभं केलं आणि विचारलं, "ऋजूने काय सांगितलं होतं?"

"डावीकडून तिसरा."

"मोज."

"एक, दोन, तीन. हाच."

"बरोबर. आता चल."

मी तिला हाताला धरून वळसा घालून पडवीत नेलं, ऋजुता उभी होती तिथे उभं केलं. "आता मोज."

ती मोजू लागली. तिसऱ्यावर बोट थांबलं. तिने बोट पुढच्या रांजणावर नेलं, मागे आणलं, आणि माझ्याकडे वळली.

"हा वेगळाच आहे," ती म्हणाली.

"तुझ्या आठवणीत काही चूक नाही. चूक असलीच तर मुलीच्या मोजणीत आहे. तिने बापाकडून काही शिकून घेतलं नाही."

ऋजुता काही न कळून आमच्या दोघांकडे बघत होती. वैजयंतीने तिचे दोन्ही हात धरले.

"ऋजू, मला वास येत नाही गं," ती म्हणाली. "वर्ष झालं. तुझ्या आजीचंही तसंच झालं होतं, म्हणून नाही बोलले. भीती वाटली. गुरुवारी येईन मी, पण डॉक्टरला ते आधी सांगायचं."

ऋजुता आईच्या खांद्यावर डोकं ठेवून रडली. बेकबाईंनी कारण विचारलं नाही. त्या स्वतः जाऊन खऱ्या रांजणातून रस घेऊन आल्या, आणि मासळीचा वाडगा दूर विहिरीकडे ठेवून दिला.

आम्ही परत जमिनीवर बसलो. धुकं आता पातळ झालं होतं आणि ती टांगलेली फळं एकेक करून खरी वाटायला लागली होती. वैजयंतीने रस घातला, कालवलं, आणि तिचा हात नेहमीच्या सवयीने वाडग्यावर थबकला. ती वाकली, वाफ घेतात तशी. मग सरळ बसली.

"मला दे," मी म्हणालो. "मी चाखतो. तू चाखली नाहीस म्हणजे झालं."

"उष्टं ते उष्टंच. कुणीही केलं तरी."

"बेकबाई काय म्हणाल्या ऐकलंस ना? आपण न खाल्लेलं पाहुण्याच्या पानात वाढायचं?"

 तिने पितळेच्या डबीचं झाकण हलकेच लावलं, जसं लहान मुलाचे डोळे झाकतात. कोबीचं एक पान तोडलं, त्यात मसाला भरला, गुंडाळी केली आणि मुलीच्या देखत माझ्या तोंडात घातली. लग्नातल्या जिलबीनंतर तिने मला घास भरवला तो हाच.

"मीठ?"

"कमी."

तिने चिमूटभर टाकलं. दुसरं पान.

"आता?"

"अजून किंचित. आलं छान लागतंय."

तिसऱ्या पानाला मी नुसती मान हलवली. तोंड भाजत होतं आणि डोळ्यांतून पाणी येत होतं, त्यातलं सगळंच काही तिखटाचं नव्हतं. बेकबाईंनी टाळी वाजवली. मग वैजयंतीने डबी उघडली, वाटीत थोडी किमची घेऊन अन्नपूर्णेपुढे ठेवली आणि हात जोडले. नेहमीपेक्षा जरा जास्त वेळ जोडले. बहुधा माफी मागत असावी.

गुरुवारी डॉक्टरांनी तिला दोन तास प्रश्न विचारले. महिने उलटे म्हणायला लावले, घड्याळ काढायला लावलं, गोष्ट सांगून ती परत विचारली. मी बाहेर बाकावर बसून होतो आणि माझा गुडघा खरोखरच दुखायला लागला होता. शेवटी ऋजुता दारात आली, तिच्या चेहऱ्याकडे बघितलं आणि मी उठलो. डोकं स्वच्छ होतं. वास त्या तापात गेला होता. परत येईल, किंवा येणार नाही, असं ते म्हणाले.

तो आला नाही. वैजयंती आता सत्तरीची आहे. अनंत दारात फुलतो तेव्हा मला विचारते, आहे का हो वास, आणि मी आहे म्हणतो. बाकी ती काही विसरत नाही. गौरीजेवणाला मी काय बोललो होतो, ते तर मुळीच नाही.

बेकबाईंनी डब्यात बांधून दिलेले ते दोन अर्धे गड्डे आम्ही सुवॉनला चार दिवसांनी उघडले. तिने पुसून कोरड्या केलेल्या अर्ध्यालाही दुसऱ्याइतकंच पाणी सुटलं होतं.

रोज सकाळी साडेअकराला स्वयंपाकघरातून "अहो" अशी हाक येते. मी पेपर ठेवून जातो, ओट्याशी उभा राहतो आणि तळहात पुढे करतो. ती पळीने आमटीचे चार थेंब त्यावर सोडते आणि माझ्या कपाळाकडे बघते. मी कपाळ सरळ ठेवून जे काय ते तोंडाने सांगतो. मग ती ताट घेऊन देवघरात जाते.

बारा वर्षं आमच्या देवाला उष्टा नैवेद्य मिळतोय. त्याने अजून तक्रार केलेली नाही.